योसेफापुढची उशी

आमच्या वृद्धाश्रमाला सव्वाशे वर्षं झाली तेव्हा मादाम रिव्हिएरने त्याचा इतिहास छापून घेतला. गुळगुळीत कागद, वर निळाशार समुद्र, आणि पहिल्याच पानावर जहाजांचे मालक मस्यू द केराव्हेल यांचा मिशाळ फोटो. खाली लिहिलेलं, ‘आमचे संस्थापक’. मी ती पुस्तिका शेवटपर्यंत वाचली आणि जेवणाच्या टेबलाचा एक पाय डुगडुगत होता त्याच्या खाली सरकवली. तेव्हापासून सूप सांडत नाही. एवढा एक उपयोग झाला.

संस्थापक म्हणे! आश्रम काढला पेरीनने. पेरीन म्हणजे सार्डिनच्या कारखान्यात माशांची मुंडकी छाटणारी बाई, माझ्यासारखीच. एका हिवाळ्यात तिने गल्लीतल्या आंधळ्या म्हातारीला पाठुंगळी घेतलं, आपल्या खोलीत आणून आपल्या खाटेवर निजवलं आणि स्वतः माळ्यावर जाऊन झोपली. मग दुसरी म्हातारी आली, तिसरी आली. हाताशी आणखी दोघी मुली आल्या, त्यांनी काळे झगे शिवले आणि भगिनी झाल्या. सकाळ झाली की टोपली घेऊन बाजारात जायचं आणि उरलंसुरलं मागायचं. लाजायच्या नाहीत. म्हाताऱ्यांचं पोट भरलं की उरलेलं त्या खायच्या, आणि उरलं नाही तर तशाच झोपायच्या.

आणि मस्यू द केराव्हेलनी काय केलं? बंदरावर त्यांचं मिठाचं एक कोठार होतं. भिंतींना ओल, छपराला भोकं, फुकटसुद्धा कुणी घेईना. ते त्यांनी पेरीनला दान दिलं. दानपत्रात एक अट घातली. तळमजल्यावरची समुद्राकडची खोली केराव्हेल घराण्याच्या म्हातारपणासाठी कायमची राखीव. म्हणजे कुजका मासा द्यायचा आणि त्यातला एक बरा तुकडा होता तोही कापून आपल्याकडे ठेवायचा, आणि वर पाठ थोपटून घ्यायची.

त्या खोलीत राहायला केराव्हेलांपैकी एक माणूस आलं नाही. कशाला येईल? टेकडीवरच्या त्यांच्या हवेलीत कबुतरंसुद्धा आमच्यापेक्षा ऐसपैस राहतात. सव्वाशे वर्षांत त्या खाटेवर झोपला तो एकच माणूस, लढाईतला एक जर्मन कॅप्टन, आणि त्याने कुणाची परवानगी विचारली नव्हती. बाकी दर शनिवारी खोली झाडायची, चादर बदलायची, खिडकी उघडून वारा द्यायचा. कुणाला? खाटेला. पुस्तिकेत कॅप्टन नाही. पेरीन आहे, शेवटून तिसऱ्या पानावर, ‘एक श्रद्धाळू स्वयंपाकीण’ म्हणून.

मादाम रिव्हिएर ही आमची संचालिका. पूर्वी पॅरिसकडे कुठेतरी हॉटेल सांभाळायची. भगिनी मरत गेल्या, नव्या येईनात, तेव्हा धर्मप्रांताने हिला नेमली. पेरीनच्या भगिनींपैकी आता एकच उरलीय, सिस्टर तेओफान. तिचं काम म्हणजे प्रार्थनाघरातली फुलं बदलायची आणि रडायचं. स्वभावाने इतकी गरीब की दारात ठेच लागली तर दाराची माफी मागेल.

आमच्याकडे मागायची एक रीत आहे आणि ती मात्र अजून पेरीनचीच आहे. प्रार्थनाघराच्या दाराशी संत योसेफाचा पुतळा आहे, प्लास्टरचा, नाकाचा शेंडा उडालेला. घरात जे संपलं असेल त्याचा नमुना त्याच्या पायाशी ठेवायचा. बटाटे संपले, ठेव एक बटाटा. साबण संपला, ठेव साबणाची चिपटी. बोलायचं नाही, लिहायचं तर नाहीच. लिहून दिलं म्हणजे योसेफाला वस्तू ओळखता येत नाही असं झालं, असं भगिनी म्हणायच्या. रविवारी मिस्सेच्या प्रार्थनेला आमच्या पोर्लान गावची माणसं येतात, पायाशी काय आहे ते बघतात, आणि ज्याच्या घरी ते असेल त्याने आणून द्यायचं असा दंडक आहे. लढाईत कोळशाचा खडा ठेवला होता तेव्हा स्टेशनवरच्या माणसांनी इंजिनाच्या तोंडचा कोळसा आणून दिला. एकदा कुणीतरी बिअरची रिकामी बाटली ठेवली. पिंप आलं. महिनाभर आमच्या म्हाताऱ्या पुरुषांनी इतक्या भक्तीने जपमाळ ओढली की सिस्टरला वाटलं चमत्कार झाला.

मादाम रिव्हिएरला हे सगळं गलिच्छ वाटायचं. “बाहेरचे पाहुणे येतात आणि संताच्या पायाशी काय, तर संडासचा कागद!” पण पाहुण्यांनाच ते आवडतं असं कळल्यावर तिने नाक मुरडणं थांबवलं आणि पुस्तिकेत ‘आमची गोड परंपरा’ असं लिहून टाकलं.

आता बार्बाचं सांगते, कारण हे सगळं तिच्यासाठी झालं.

बार्बा आणि मी कारखान्यात एकाच टेबलाशी चाळीस वर्षं डबे भरले. ती डावीकडे, मी उजवीकडे. तिचा नवरा लग्नाच्या वर्षातच समुद्राने नेला, मूलबाळ नाही. तोंड मात्र दहा माणसांचं. आम्ही दोघी पाठोपाठच्या वर्षी आश्रमात आलो, पहिल्या मजल्यावर समोरासमोरच्या खोल्यांत, आणि सकाळी उठल्यापासून ती बोलायला लागायची ती दिवे जाईपर्यंत. सगळं आमच्या ब्रेटन भाषेत. फ्रेंच तिला येतच नाही म्हटलं तरी चालेल. हो, नाही, धन्यवाद, सार्डिन, आणि मुकादमाला द्यायची एक शिवी, एवढ्यावर तिने जन्म काढला.

नाताळात ती पडली आणि तिचं खुब्याचं हाड मोडलं. चाकाची खुर्ची आली. मग आगीच्या नियमांचा साहेब आला, त्याने जिना पाहिला, बार्बाला पाहिलं आणि सांगितलं, जिना उतरता येत नाही ते माणूस वर ठेवायचं नाही. लिफ्ट आमच्याकडे नाही. ती नव्या इमारतीत होणार, आणि नवी इमारत केराव्हेल बांधून देणार, आणि केराव्हेल ती पुढच्या वर्षी बांधून देणार असं मी इथे आले तेव्हापासून ऐकतेय. तळमजल्यावरच्या खोल्यांत सगळी बार्बासारखीच मोडकी माणसं. रिकामी खोली एकच.

मादाम रिव्हिएरने ठरवलं की सव्वाशे वर्षांचा उत्सव झाला की बार्बाला रेन्न शहराच्याही पलीकडे एका मोठ्या संस्थेत पाठवायचं. तिथे लिफ्ट आहे, बटण दाबलं की खाट वरखाली होते, आणि आमच्या भाषेतला एक शब्द कळणारं माणूस नाही. मला तिथे भेटायला जायचं म्हटलं तर दोन गाड्या बदलायच्या, ब्याऐंशीव्या वर्षी. बार्बाला मी आयुष्यात एकदाच गप्प बसलेली पाहिलीय, दाढ काढली होती तेव्हा, आणि त्या दोन दिवसांत तिला ताप भरला होता. तिथे ती महिनाभरसुद्धा टिकणार नाही हे मला आरशासारखं स्वच्छ दिसत होतं.

म्हणून मी मादाम रिव्हिएरच्या खोलीत गेले.

“या, मादाम ल बेर. बसा. सूप खारट होतं का?”

“सूप जाऊ दे. बार्बाला तळमजल्यावर खोली द्या.”

“सगळ्या भरल्यात हो.”

“एक रिकामी आहे.”

“ती रिकामी नाही, राखीव आहे.”

“त्यात कोण राहतं?”

“कुणी नाही.”

“मग आमच्याकडे त्याला रिकामी म्हणतात.”

तिने चष्मा काढून टेबलावर ठेवला. समजूत घालायची असली की ती चष्मा काढते, हॉटेलात शिकलेली असणार. “हे बघा, कुटुंबाचा मान असतो. उत्सवाला बिशपसाहेब येणार, मादाम द केराव्हेल येणार, नव्या इमारतीची घोषणा व्हायचीय. अशा वेळी मी त्यांच्यापुढे त्या खोलीचा विषय काढू? तुम्हीच सांगा.”

“काढा की. जीभ झिजते का?”

“तिथे तुमच्या मैत्रिणीची चांगली सोय आहे. टीव्हीसुद्धा आहे.”

“फ्रेंच टीव्ही.”

“मग शिकतील हळूहळू,” ती म्हणाली. एकोणऐंशी वर्षांची बाई, खुब्यात खिळे, आणि शिकतील हळूहळू! मी उठले. जाताना तिच्या टेबलावरची पेपरमिंटची वाटी उचलून एप्रनच्या खिशात रिकामी केली. काहीतरी घेऊन बाहेर पडायचं होतं.

सिस्टर तेओफान फुलं लावत होती. तिला सांगितलं तर तिच्या डोळ्यांत लगेच पाणी. “अगं कोरान्तीन, मी काय करू? माझं कोण ऐकतंय?”

“तुम्ही एकदा तरी ओरडून पाहिलंय का, सिस्टर? पेरीन असती तर तिने कुलूप तोडलं असतं.”

“पेरीनची गोष्ट वेगळी. तू योसेफाकडे माग ना. उत्सवाला सगळं गाव येणार. केराव्हेलबाईसुद्धा त्याच दारातून आत येणार.”

खरं सांगते, देवाधर्मावर माझा फारसा भरवसा नाही. पण बाई म्हणाली त्यात तथ्य होतं. ज्याच्याकडे आहे त्याने द्यायचं हा गावचा दंडक, आणि तो मोडायची छाती पोर्लानमध्ये आजवर कुणाची झालेली नव्हती. शिवाय त्या दिवशी दोनशे माणसं बघत असणार. मोठी माणसं देवाला भीत नाहीत, पण शेजाऱ्यांना भितात.

प्रश्न एवढाच होता की ठेवायचं काय. संध्याकाळी बार्बाच्या खाटेवर बसून आम्ही डोकं चालवत होतो.

“खाट ठेव,” बार्बा म्हणाली.

“खाट कोण उचलणार? तुझा बाप?”

“मग खुर्ची ठेव ही चाकाची. मला बसव तिच्यात आणि मलाच ठेव. अंगावर चादर टाक, पुतळ्यासारखी बसते.”

“तू? पुतळ्यासारखी? अर्ध्या मिनिटात बिशपाला हाका मारशील.”

“मग मुताचं भांडं ठेव. खोली नाही तर नाही, नवं भांडं तरी मिळेल. याच्या कडेला तडा गेलाय, चिमटा बसतो गं.”

आम्ही हसलो, खूप हसलो, आणि मग ती एकदम म्हणाली, “कोरान्तीन, तिकडे मला रात्री काही झालं तर मी कुणाला आणि काय म्हणून हाक मारू?” मी पुढे वाकले. तिच्या डोक्याखालची उशी ओढून घेतली आणि म्हटलं, ही ठेवते. जिथे उशी तिथे खाट, जिथे खाट तिथे खोली. हे न कळायला गाव काही खुळं नाही.

गाव खुळं नाही हे मी म्हणाले. लक्षात ठेवण्यासारखं वाक्य आहे.

संत योसेफाच्या सणाला, एकोणीस मार्चला, उत्सव झाला. पहाटेच मी उशी त्याच्या पायाशी ठेवली, पांढरीशुभ्र, मधोमध बार्बाच्या डोक्याचा खळगा. गाव लोटलं. धर्मादाय सोसायटीची बायकामंडळी नव्या टोप्या घालून, नोटरी, औषधवाला, शाळेची पोरं रांगेत. प्रत्येक जण दाराशी थबकला, उशीकडे बघितलं, मान डोलावली आणि आत गेला. केराव्हेलबाई आल्या. राखाडी कोट, मोत्यांची माळ, हातमोजे. त्याही थबकल्या. खाली बघितलं आणि मग सरळ माझ्याकडे बघितलं, कारण मी दाराशीच उभी होते. त्यांना कळलं. त्या क्षणी त्यांना पुरतं कळलं होतं हे मी कुठल्याही पुतळ्यावर हात ठेवून सांगेन.

प्रवचनात बिशपसाहेबांनी दानाचा महिमा गायला. मस्यू द केराव्हेलांचं नाव इतक्या वेळा घेतलं की योसेफालाही वाटलं असेल आपण चुकीच्या घरात आलो. पेरीनचं नाव एकदा, तेही ओझरतं. मग त्यांनी हात उशीकडे केला. “दाराशी काय ठेवलंय पाहिलंत ना? कुणा थकल्या जीवाने संताजवळ काय मागितलं? सोनं नाही, नाणं नाही. डोकं टेकायला थोडं मऊ! किती हे साधं मागणं! पोर्लानकरांनो, एवढंही आपण देणार नाही का?”

बाया डोळे पुसायला लागल्या. मी उभी राहिले. “बिशपसाहेब, उशी नाही, खोली मागितलीय! ती समुद्राकडची!” मी ओरडले, पण तोंडून आलं ते ब्रेटनमध्ये, रागात माझं फ्रेंच पळून जातं. बिशपसाहेब दूरच्या लिमोजकडचे, ब्रेटन न कळणारे. त्यांना वाटलं म्हातारी भक्तीने सद्गदित झाली. त्यांनी माझ्या दिशेने हवेत क्रूस काढला. अर्ध्या गावाला ब्रेटन येतं, अर्ध्या गावाला माझं बोलणं शब्दन् शब्द समजलं. त्या अर्ध्या गावाने प्रार्थनेची पुस्तकं उघडली आणि त्यात तोंडं खुपसली. ऑर्गन सुरू झाला.

मिस्सेनंतर भोजनगृहात सुक्या प्लमचा केक आणि सफरचंदाची सायडर होती. मी केराव्हेलबाईंसमोर जाऊन उभी राहिले, या खेपेला फ्रेंच नीट जुळवून.

“मादाम, उशी बार्बा गेगानची होती. तिला तुमची खोली हवीय.”

“हो का,” त्या म्हणाल्या. आवाज लोण्यासारखा. “तुम्ही कारखान्यात होतात ना? आमच्या यजमानांच्या?”

“चाळीस वर्षं. आम्ही दोघी. खोली देता?”

“असं बघा, ती खोली म्हणजे नुसती खोली नाही. घराण्याची आठवण आहे. आमच्या म्हातारपणासाठी पणजोबांनी राखून ठेवलेली.”

“तुमचं वय काय, मादाम?”

मादाम रिव्हिएर धावत आली, पण बाईंनी तिला हाताने थांबवलं. “एक्याऐंशी,” त्या हसून म्हणाल्या.

“मग म्हातारपण यायचंय कधी?”

जवळच्या दोघातिघांच्या तोंडातला केक तिथेच थांबला. केराव्हेलबाईंच्या गालावर एक लाल ठिपका उमटला, इतकाच. त्यांनी माझ्या हातावर हातमोज्यातला हात ठेवला. “तुमच्या मैत्रिणीची काळजी मी समजू शकते. उशीचं मी बघते हं.” आणि त्या नोटरीकडे वळल्या.

उशीचं मी बघते. हे वाक्य त्या बाईने किती विचार करून उच्चारलं होतं ते मला त्या आठवड्यात कळलं.

दुसऱ्याच दिवशी त्यांचा ड्रायव्हर आला. गाडीत डझनभर उशा, हंसाच्या पिसांच्या, कडेला लेस. मग औषधवाल्याने पाठवल्या, मानदुखीवरच्या. बेकरीवाल्याने पाठवल्या. नोटरीच्या बायकोने स्वतः आणून दिल्या आणि प्रत्येकीवर आपलं नाव भरतकामात घातलं होतं, आम्ही झोपेतसुद्धा विसरू नये म्हणून. शाळेच्या पोरांनी घरोघर फिरून गोळा केल्या, त्यात सोफ्याच्या होत्या, कुत्र्याच्या होत्या, एक तर मांजराच्या आकाराची होती. ज्या गावाने लढाईत इंजिनाचा कोळसा काढून दिला, त्या गावाला योसेफापुढची वस्तू काय सांगते ते ओळखता येत नव्हतं, असं मी मानायचं? ओळखलं होतं त्यांनी. पण खोली मागायची म्हणजे केराव्हेलांपुढे तोंड उघडायचं, आणि उशी दिली की तोंडही उघडावं लागत नाही आणि झोपही चांगली लागते. अख्ख्या गावाने मिळून एका म्हातारीच्या तोंडाला पानं पुसली आणि तिलाच आशीर्वाद मागायला आले.

मादाम रिव्हिएर मात्र हरखून गेली. वर्तमानपत्रात बातमी, ‘पोर्लानचं हृदय’. तिने माझे आभारसुद्धा मानले. मी तिला म्हटलं, माझे कशाला, कुत्र्याचे माना, त्याने तर आपलं अंथरूण दिलंय.

मग नवाच घोळ. एवढ्या उशा ठेवायच्या कुठे? वरच्या कोठीत पावसाचं गळतं. तळघरात उंदीर. जिन्यात ठेवल्या तर आगीचा साहेब दंड करेल, त्याला कापूस चालत नाही. कोरडी, हवेशीर, मोकळी जागा एकच होती. मादाम रिव्हिएरने फोन केला. केराव्हेलबाईंनी लगेच, मोठ्या मनाने परवानगी दिली. म्हणाल्या, गरिबांच्या उपयोगी पडत असेल तर खोलीचं सोनं झालं.

मला हे सिस्टर तेओफानने सांगितलं. सांगताना तिचा चेहरा आनंदाने फुललेला. “बघ कोरान्तीन, खोली उघडली शेवटी! योसेफाने ऐकलं!”  इतका भोळेपणा निसर्गतः येत नाही, त्याला पन्नास वर्षं मेहनत घ्यावी लागते.

“अहो, मग उशा बाहेर काढून बार्बाला आत ठेवा ना.”

“तसं नाही गं करता येणार. परवानगी उशांची आहे.”

शुक्रवारी सकाळी बार्बाला न्यायला गाडी येणार होती. मुद्दाम लवकरची वेळ घेतली होती, कारण नंतर वर्तमानपत्राचा माणूस केराव्हेलबाईंचा त्या खोलीत फोटो काढणार होता. गाडीला उशीर झाला आणि सगळेच एकदम दिवाणखान्यात जमले. मी बार्बाची बॅग भरली होती. दोन झगे, नवऱ्याचा फोटो, पेपरमिंट. रात्रभर ती बोलली होती. कारखान्यातल्या, मुकादमाच्या, कोणाच्या लग्नात कोण पिऊन पडलं त्याच्या गोष्टी, पुन्हा पहिल्यापासून, जणू उद्यापासून बोलायला बंदी आहे म्हणून आजच सगळं संपवून टाकायचं होतं. आणि बंदीच होती. दोघा गड्यांनी तिला स्ट्रेचरवरून जिन्याने खाली आणलं आणि चाकांवर ढकलत निघाले.

दिवाणखान्याला लागूनच असलेल्या त्या समुद्राकडच्या खोलीचं दार सताड उघडं होतं. आत खिडकी, खिडकीत समुद्र, ओहोटीचा, बोटी कलंडलेल्या. आणि खाटेवर उशा. खाटेवर, खुर्चीवर, खिडकीच्या ओट्यावर, छातीएवढी रास. मधोमध केराव्हेलबाई लेसच्या एका उशीवर हात टेकून उभ्या, फोटोवाला त्यांना हनुवटी वर करायला सांगत होता.

बार्बाने दाराची चौकट धरली. गाडीचा माणूस थांबला. तिने आत बघितलं, समुद्राकडे नाही, खाटेकडे. मग मला म्हणाली, आमच्या भाषेत, अगदी कारखान्यात डब्याचं झाकण मागावं तशा आवाजात, “कोरान्तीन, जरा विचार की गं त्यांना. मी उशीच आहे असं सांगितलं, तर ठेवून घेतील का?”

“आजी काय म्हणतायत?” गाडीवाल्या पोराने विचारलं. चांगला होता बिचारा, रेन्नचा.

मी सांगितलं. फ्रेंचमध्ये, मोठ्याने, एकेक शब्द सुटा करून, फोटोवाल्यालाही लिहून घेता यावा इतका सावकाश.  मादाम रिव्हिएरने घड्याळ बघितलं. केराव्हेलबाई हातमोज्याचं बटण लावत बसल्या, ते लावलेलंच होतं. मला वाटलं, आता. आता लाज वाटेल कुणाला तरी. दोनशे जणांचं जाऊ दे, इथल्या चौघांतल्या एकाला.

तेवढ्यात सिस्टर तेओफान रडत आत धावली. राशीतली सगळ्यात चांगली, पिसांची, लेसची उशी तिने निवडून काढली, बार्बाचं डोकं हलकेच उचललं आणि खाली सरकवली. चापून नीट बसवली. “आता बरं वाटेल हं,” ती म्हणाली. आणि सगळ्यांना बरं वाटलं! डोळ्यांदेखत बघितलं मी. केराव्हेलबाईंचे खांदे सैल झाले, मादाम रिव्हिएर हसली, फोटोवाल्याने कॅमेरा उचलला.

बार्बाने हात मागे नेला, डोक्याखालची उशी ओढून काढली आणि जमिनीवर टाकली. मग मुकादमाची ती शिवी दिली, स्वच्छ फ्रेंचमध्ये. गाडीवाल्यांनी तिला बाहेर नेलं. मी तिचा हात धरून पायरीपर्यंत गेले, पुढे मला येऊ दिलं नाही.

परत आत आले तेव्हा मादाम रिव्हिएर वाकून ती उशी उचलत होती. तिने ती झटकली, लेसवरची धूळ फुंकली आणि आत नेऊन खाटेवर अलगद निजवली.